पहाडगंजचा खंडोबा

परत आल्यापासून जो तो विचारतो, दिल्ली कशी झाली? मी म्हणतो, छान झाली, थंडी होती, आत्याच्या मुलाची वास्तुशांत होती. यातलं काहीच खोटं नाही. मी खोटं सहसा बोलत नाही. खरं अर्ध्यावर थांबवतो. बँकेत मला मितभाषी म्हणतात आणि आमच्या नाणेसंग्राहक मंडळात अभ्यासू. दोन्हीचं कारण एकच. गप्प बसणाऱ्याला लोक शहाणा समजतात आणि त्याच्या पदरात न मागता बरंच काही पडतं, हे मला फार लवकर कळलं होतं. या वेळी मात्र झालं ते पुरतं सांगणार आहे. ज्यांना लाल किल्ला आणि कुतुबमिनार यांची माहिती हवी असेल त्यांनी इथेच पान उलटावं. मी दोन्ही पाहिले नाहीत.

निमित्त असं. आत्याचा मुलगा मिलिंद दिल्लीत एका परदेशी कंपनीत आहे. देशाने दरवाजे उघडले तेव्हा जे पहिल्या धक्क्यात आत शिरले, त्यांतला तो एक. त्याने गुडगावला फ्लॅट घेतला आणि नव्या घरात देवही नवे हवेत असं ठरलं. निदान खंडोबाचा टाक तरी. टाक झिजला किंवा भंगला की नवा घडवायचा आणि जुना नदीत सोडायचा, ही आपल्याकडची रीत. दिल्लीत चांदी मिळते, खंडोबा मिळत नाही. तेव्हा रविवार पेठेतल्या चांदीवाल्याकडून टाक घडवून, जेजुरीला देवाशी भेटवून, कापसात गुंडाळून मी तो घेऊन निघालो. चांदणी चौकातल्या एका नाणेवाल्याकडे जायला मला कारण हवंच होतं. देवाने ते दिलं, असं म्हणायला हरकत नाही.

पहाडगंज

आत्या लग्न होऊन दिल्लीला गेली ती पन्नासच्या आसपास. आतोबा केंद्र सरकारच्या कचेरीत होते. त्यांना जाऊन बरीच वर्षं झाली. घर मात्र तेच, पहाडगंजमध्ये, मराठी शाळेच्या मागच्या गल्लीत, खाली घाऊक पिशव्यांचं दुकान आणि शेजारी चार मजल्यांचं हॉटेल, ज्याच्या गच्चीवर गोरी पोरंपोरी थंडीतही अर्ध्या चड्डीत बसलेली असतात. मिलिंद त्याच मराठी शाळेत शिकला. आता तो "स्टेशनजवळच्या एका स्कूलमध्ये" असं सांगतो.

"आलास? बारीक झालायस. बायको जेवायला घालत नाही का?" आत्याने दारातच विचारलं.

"घालते की."

"मग बोलत जा जरा. न बोलणाऱ्या माणसाच्या अंगी लागत नाही."

तिने गरम गरम मेथीचे पराठे वाढले, सोबत आमटी. गोडा मसाला घातलेली, पण वरून जिऱ्याची फोडणी. दिल्लीत चाळीस वर्षं राहिलेली आमटीही शेवटी थोडं हिंदी बोलायला लागते. मिलिंदची बायको रितू पंजाबी आहे, करोलबागची. ती त्या आमटीला "मम्मीजी की मीठी दाल" म्हणते आणि दोन वाट्या पिते. पुण्यात आमच्याकडे सासू-सुनेची भाषा एक आणि संवाद शून्य. इथे भाषा दोन आणि दिवसभर दोघींची टकळी चालू.

जेवण झाल्यावर आत्याने देवघर दाखवलं. दिल्लीला मी पूर्वीही येऊन गेलो होतो, पण देवघरात वाकून बघण्याइतका धार्मिक मी कधीच नव्हतो. तिने ताम्हनातून खंडोबा उचलला आणि माझ्या तळहातावर ठेवला.

"घे दर्शन. पुन्हा दिसायचा नाही तुला. हा घाव बघितलास ना? यांच्या पूर्वजांच्या पागोट्यात होता हा, पानिपतावर. अफगाणाची तलवार डोक्यावर आली ती देवानं अंगावर घेतली."

ही कथा मी लहानपणापासून ऐकत होतो. आतोबा पुण्याला आले की पानसुपारी झाल्यावर सांगायचे. ते पागोटं सांगताना स्वतःच्या टकलावरून असा हात फिरवायचे की ऐकणाऱ्यालाही वार चुकवल्यासारखं वाटे.

मी टाक खिडकीपाशी नेला. आणि माझे कान गरम झाले.

तो टाक नव्हताच. पत्र्यावर उठवलेला नव्हता, जाड होता, दोन्ही बाजूंनी ठसा होता. घोड्यावर बसलेला, भाला पुढे केलेला स्वार. कडेने झिजलेली ग्रीक अक्षरं. उलटीकडे एक उभी देवी, हातात ढाल, आणि भोवती वायव्येकडची जुनी खरोष्ठी लिपी. चाळीस वर्षांच्या राखेने आणि पितांबरीने नाक-डोळे गुळगुळीत झाले होते, पण ओळखायला मला नाक-डोळे लागत नाहीत. ते एका शक राजाचं नाणं होतं, तक्षशिलेकडचं, दोन हजार वर्षांपूर्वीचं. राजाचं नाव सांगत नाही. आमच्या मंडळातले लोक लगेच कॅटलॉग उघडून बसतील.

म्हणजे हे कुटुंब ज्याला खंडोबा म्हणून रोज न्हाऊ घालत होतं तो परका राजा होता, आणि जिला म्हाळसा म्हणून हळदकुंकू लावत होतं ती ग्रीकांची कुमारिका. ती लग्नाच्या नावाने हात झटकणारी म्हणून प्रसिद्ध आहे.

आणि तो घाव! तो तर माझ्या रोजच्या ओळखीचा. जुन्या काळी तांब्याच्या चकतीला चांदीचं पाणी देऊन नाणी खपवणारे लबाड कमी नव्हते. म्हणून सराफ काय करायचा, संशय आला की छिन्नीने नाण्याच्या कडेला एक टोला हाणायचा. आत लाल दिसलं तर गिऱ्हाइकाला हाकलायचा, पांढरं दिसलं तर मोजून घ्यायचा. पानिपतचा वार तो हाच. अफगाण घोडेस्वार नाही, गादीवर मांडी घालून बसलेला एक संशयी वाणी.

हे सगळं एका श्वासात बोलता आलं असतं. मी म्हणालो, "छान आहे."

आत्या हळू आवाजात म्हणाली, "श्री, तू जुन्या वस्तूंतला. मिलिंदला त्या वास्तूवाल्याने सांगितलंय की हा भंगलेला आहे, नव्या घरात चालणार नाही. नवा आणलास ते बरं केलंस, तोही ठेवीन. पण हा मला हवाय रे. यांनी हाताळलेला आहे. तू सांग ना त्याला, काही होत नाही म्हणून. तुझं ऐकेल."

"बघू," मी म्हणालो.

आता ते "बघू" उलगडून सांगतो. माझ्या संग्रहात या राजाची लहान नाणी आहेत, तांब्याची आहेत, भेसळीची तर ढीगभर आहेत. चांगल्या चांदीचं, मोठं, भालेवाला घोडेस्वार असलेलं नव्हतं. ते आता माझ्या तळहातावर होतं आणि लोक ते नदीत टाकायला निघाले होते. आत्या काय म्हणाली ते मी ऐकलं. पण आत्यापेक्षा नदी मला जास्त सोयीची वाटली.

गुडगाव

दुसऱ्या दिवशी मिलिंदने फ्लॅट दाखवायला नेलं. दिल्ली संपते, डुकरं सुरू होतात, मग डुकरं संपून मोहरीची शेतं येतात, आणि शेतात एकाएकी काचेची इमारत उभी राहते. आजूबाजूला रस्ता नाही, दिवा नाही, गटार नाही. नाव मात्र राजेशाही. एक 'रीजन्सी', एक 'इम्पिरियल', एक 'मोनार्क', त्यातल्या मोनार्कचं इंग्रजी स्पेलिंग चुकलेलं.

मला त्या शक राजाची आठवण आली. तोही वाळवंटातून घोडे हाकत आलेला, राज्य करायला मिळालं तर नाण्यावर काय लिहिलं? तर राजांचा राजा, थोर. एकीकडे ग्रीकमध्ये, दुसरीकडे इथल्या बोलीत. ग्रीक वाचणारा आसपास कुणी उरला नव्हता, पण ग्रीक असल्याशिवाय नाणं भारदस्त दिसत नाही. पुढे पुढे ठसे कोरणाऱ्यांनाच ग्रीक येईनासं झालं, आणि ते नुसते गोल आणि दांड्या कोरायला लागले. राजा कुठला का असेना, मान परक्या अक्षरांचा. गुडगावची पाटी रंगवणाऱ्याला मी मनातल्या मनात माफ केलं.

"दादा, ही लिफ्ट. पॉवर बॅकअप हंड्रेड परसेंट," मिलिंद म्हणाला. लिफ्ट बंद होती. आम्ही सहा मजले चढलो.

वर वास्तुतज्ज्ञ शर्माजी होकायंत्र घेऊन तयार होते. सफारी सूट, कपाळावर गंध, कमरेला पेजर. त्यांनी संडासाची दिशा बदलून घेतली होती आणि त्यामुळे स्वयंपाकघरात ओटा जवळजवळ उरला नव्हता. देवघर ईशान्येला, म्हणजे नेमकं वॉशिंग मशीनच्या जागी आलं होतं, आणि मशीन बाल्कनीत. पुण्यात आम्ही घराला हवा-उजेड आहे का बघतो. इथे हवा-उजेड दुसऱ्याच्या फ्लॅटला मिळाला तरी चालतो, दिशा आपल्याला मिळाली पाहिजे.

मिलिंदने विषय काढला. "शर्माजी, वो जो पुराना टाक है ना, माँ का बहुत मन है."

शर्माजींनी डोळे मिटले. "खंडित है. घर में रखेंगे तो जॉब पर आँच आएगी."

मिलिंदच्या कंपनीत तेव्हा माणसं कमी करायची कुजबुज होती. त्याचा चेहरा उतरला. तो माझ्याकडे वळला. "दादा, तू बोल यार. तुला यातलं कळतं. रिअली, काही होतं का?"

आत्या तिथेच खिडकीशी उभी होती. नुसती माझ्याकडे बघत राहिली.

मला फक्त एक वाक्य बोलायचं होतं. की बाबांनो, हा भंग नाही, ही पारख आहे. जो कापून बघितला आणि खरा ठरला त्याला भंगलेला कोण म्हणतं? एवढ्यावर शर्माजी गप्प झाले असते, मिलिंदला धीर आला असता आणि आत्याला तिचा देव मिळाला असता.

मी म्हणालो, "शास्त्र आहे खरं. मी सोडतो यमुनेत, आत्याला तो त्रास नको."

"थँक्स यार, दादा," मिलिंदचा जीव भांड्यात पडला.

आत्याने खिडकीकडे तोंड फिरवलं.

यमुना

यमुनेबद्दल काय लिहावं? ती दिल्लीतून जाते म्हणण्यापेक्षा दिल्ली तिच्यातून जाते. जुन्या लोखंडी पुलावर मी उभा राहिलो तेव्हा खाली काळं पाणी आणि वर फेस. तरी वरून जाणारा प्रत्येक जण खिशात हात घालून एक नाणं टाकत होता. टांगेवाला, स्कूटरवाला, आगगाडीच्या दारातली बाई. आमच्याकडे मुठा नदीत कुणी पैसा टाकत नाही. पुणेकर नदीत फक्त निर्माल्य टाकतो, ते फुकट असतं.

खाली गळ टाकून बसावं तशी माणसं बसली होती. दोरीच्या टोकाला स्पीकरमधलं मोठं लोहचुंबक. दोरी सोडायची, चिखलातून ओढायची, वर घ्यायची, आणि चुंबकाला चिकटलेले रुपये सोडवून डब्यात टाकायचे.

"मिलता है कुछ?" मी एकाला विचारलं.

"अब मिलता है, बाबूजी. पहले का सिक्का चिपकता नहीं था. अब सरकार ने लोहे का कर दिया, तो हमारी रोटी निकल आई."

अर्थशास्त्रावर इतकं नेमकं बोलणारा माणूस मला आमच्या हेड ऑफिसात भेटलेला नाही. नाण्यातला धातू हलका झाला की कुणाचं तरी पोट भरतंच. त्या शक राजाच्या वारसांनीही हेच केलं होतं. चांदी कमी, तांबं जास्त, राजा मात्र पूर्वीइतकाच थोर. फरक एवढाच की तेव्हा घट सोसणाऱ्याला ती हातात धरून कळत असे. आम्हाला ती अंदाजपत्रकाच्या भाषणानंतर कळते.

मी खिशातून पुडी काढली. आत्याने केळीच्या पानात बांधून दिली होती, वर हळदकुंकू. पान मी पाण्यात सोडलं. हळदकुंकूही सोडलं. नाणं रुमालात बांधलं आणि आतल्या खिशात ठेवलं. चुंबकवाल्याने सगळं बघितलं आणि नजर दुसरीकडे वळवली. बहुधा माझ्यासारखे त्याने पूर्वीही पाहिले असावेत.

चांदणी चौक

मग मी थेट नाणेवाल्याकडे गेलो. वाटेत पानाच्या द्रोणात जिलबी खाल्ली. लालाजींचं दुकान म्हणजे दोन पावलं आत, गादी, काचेचं कपाट आणि कपाटाहून जुने लालाजी. मी नाणं समोर ठेवलं. विकायचं नव्हतं. पण भाव विचारल्याशिवाय मला कुठल्याही देवाची थोरवी कळत नाही.

त्यांनी भिंग लावलं, तराजूत टाकलं, कडेला बोट फिरवलं. "घिसा हुआ है. कटा हुआ है. किसी औरत ने रोज माँजा है इसको, है ना?"

मी मान हलवली.

"चाँदी अच्छी है. दाम नहीं है." त्यांनी जो आकडा सांगितला तो माझ्या राजधानीच्या तिकिटाच्या निम्माही नव्हता. "पूना में कहाँ मिल गया आपको? ये माल तो पिंडी-पेशावर का है. बँटवारे में रिफ्यूजी पोटलियों में लाए थे. पहाडगंज की पटरी पर चूडी-पाजेब के साथ बिकता था, तोल के भाव. हमारे पिताजी ने बोरी भर खरीदा."

मी नाणं उचललं. पहाडगंजची पटरी. म्हणजे पानिपत-बिनिपत काही नाही. पुढची गोष्ट लिहायला लाज वाटते, पण ठरवलंय म्हणून लिहितो. मला बरं वाटलं. देव नव्हताच, वारसाही नव्हता, मग मी घेतलं काय? फुटपाथवरची एक चकती. हा हिशोब मी पहाडगंजला पोचेपर्यंत तीनतीनदा करून पाहिला आणि दर वेळी माझ्या बाजूने लागला. इतक्यांदा करावा लागला, यावरूनच काय ते समजा.

पुन्हा गुडगाव

वास्तुशांतीच्या दिवशी सकाळपासून घरात धूर, पंडित आणि केटररची माणसं. भर खोलीत शर्माजी कलश इंच-इंच सरकवत होते. मिलिंदचे साहेब जेवायला येणार होते, सहकुटुंब. जेवणात पुरणपोळी आणि शाही पनीर एकाच ताटात, मध्ये रायत्याची सीमारेषा.

पुरण मात्र आत्या स्वतः करत होती, ओट्याच्या उरलेल्या वीतभर जागेत. मी पाणी प्यायला गेलो. तिने मला बशीतला लाडू दिला. मी म्हणालो, तू घे ना आधी.

"मला नको. उपास आहे आज."

"आज कसला उपास?"

"तो गेला ना परवा." ती पुरण घाटत होती, वर बघितलं नाही. "यांच्या वेळी मला धरू दिला नाही. मिलिंदने बळंच चहा पाजला, डॉक्टरने सांगितलं म्हणून. म्हटलं, आता तरी धरावा. श्री, सोडताना काही म्हणालास का रे त्याला?"

इथे अर्ध्यावर थांबता येण्यासारखं खरं माझ्याकडे काहीच नव्हतं. "हो" म्हटलं असतं तर ते पुरतं खोटं झालं असतं. आणि "नाही" म्हटलं असतं तर ते खरं असूनही सगळ्यांत मोठं खोटं.

"आत्या, तो गेला नाही. माझ्या खिशात आहे."

घाटणं थांबलं. मग पुन्हा सुरू झालं, कारण पुरण लागलं असतं.

"दे."

मी रुमालाची गाठ सोडून नाणं तिच्या हातात दिलं. तिने एका हाताने नाणं पदराला पुसलं आणि कमरेला खोचलं. "का ठेवलास?"

मग मी बोललो. इतकं सलग मी लग्नातही बोललो नव्हतो. शक राजा, ग्रीक देवी, सराफाची छिन्नी, माझ्या संग्रहातली उणीव, शर्माजींसमोर माझं गप्प बसणं, लालाजींनी सांगितलेला भाव, सगळं. पानिपत खोटं आहे हेही सांगितलं. तेवढं वगळता आलं असतं. पण एकदा तोंड उघडल्यावर ते कुठे मिटायचं याची मला सवय नव्हती.

"झालं तुझं?" आत्याने गॅस बारीक केला. "आता माझं ऐक. पानिपत खोटं आहे हे तू मला सांगतोस? अरे, ते माझ्यामुळेच झालं."

"म्हणजे?"

"लग्नाला वर्ष झालं नव्हतं. सासूबाई पुण्याला गेल्या होत्या, लेकीच्या बाळंतपणाला. देव माझ्यावर सोपवून. दिवाळीला मी सगळे टाक चिंचेत घालून ठेवले, घासले, आणि चिंचेचा चोथा मोरीत फेकला. त्या चोथ्यात खंडोबा गेला. एवढासा पातळ होता, नखाएवढा. मोरी उपसली, गटार उपसलं. नाही मिळाला."

"मग?"

"मग काय? मी रडून जीव द्यायला निघाले. सासूबाई कशा होत्या ते तुला माहीत नाही. तुझे आतोबा उठले, चप्पल घातली आणि बाहेर गेले. तेव्हा या पहाडगंजात सगळे निर्वासित. बायका-पुरुष फुटपाथवर फडकं पसरून घरातलं काय काय विकायचे. एका म्हाताऱ्या सरदारजीकडे हा मिळाला. यांनी तेवढंच विचारलं म्हणे, घोडा आहे ना, चांदी खरी आहे ना."

"आणि सासूबाईंनी ओळखला नाही?"

"ओळखतील नाही तर काय! आल्या आल्या म्हणाल्या, हा आपला नव्हे, हा जाड आहे, आणि ही खाच कसली? मी दाराआड सरकले. आणि हे, आयुष्यात आईसमोर मान वर करून बोलले नव्हते, ते एकदम म्हणाले, आई, शंभर वर्षांची पुटं होती त्यावर, हिने चिंचेने घासला तेव्हा खरा देव दिसला. आणि ही खाच म्हणजे पानिपतचा वार. बाबांनी मला मरताना सांगितलं होतं." आत्या हसायला लागली, पदर तोंडाला लावून. "कुठले बाबा न् कुठलं पानिपत! यांचा पणजोबा सासवडला भिक्षुकी करायचा. पण सासूबाई इतक्या खूश झाल्या की पंधरा दिवसांत अख्ख्या दिल्लीतल्या मराठी घरांत जाऊन सांगून आल्या. मग यांना जन्मभर तेच सांगत बसावं लागलं. दर वेळी सांगताना माझ्याकडे बघायचे."

मला आतोबांचा टकलावरून फिरणारा हात आठवला. आम्ही सगळे हाताकडे बघायचो. ते कुणाकडे बघतात हे बघायचं आम्हाला सुचलंच नव्हतं.

"मिलिंदला यातलं काही नको," आत्या म्हणाली. "बापाकडून त्याला तेवढी गोष्टच मिळालीय. आणि त्या सराफाने कापून बघितलं म्हणालास, मग काय निघालं?"

"आतपर्यंत चांदी."

"मग एवढंच बाहेर जाऊन सांग. तेवढं तरी जमेल ना?"

जमलं. मी बाहेरच्या खोलीत गेलो आणि सगळ्यांसमोर सांगितलं की टाक सोडायला माझा हात धजला नाही, कारण नीट पाहिल्यावर लक्षात आलं की तो खंडित नाही, परीक्षित आहे. फार जुन्या काळी पारखी लोक चांदी अशी कापून बघत. वार कुणाचाही असो, देव कसोटीला उतरलेला आहे.

शर्माजींनी क्षणभर विचार केला. "टेस्टेड है? सर्टिफाइड? फिर तो शुभ है. ईशान्य में रखिए." त्यांना एवढंच हवं होतं की कुणीतरी त्यांच्याहून मोठा शब्द वापरावा.

मिलिंदचे डोळे वेगळ्याच कारणाने चमकले. "दादा, इतका जुना म्हणजे अँटीक ना? व्हॅल्यू किती असेल? ड्रॉइंग रूममध्ये फ्रेम करून वरून स्पॉटलाइट दिला तर?"

मी खरा भाव सांगितला. राजधानीच्या तिकिटाच्या निम्मा.

"बस? इतना ही?" मिलिंद म्हणाला आणि केटररला पापडांबद्दल विचारायला गेला. मी लाखभर सांगितले असते तर तो देव त्याच संध्याकाळी बँकेच्या लॉकरमध्ये गेला असता. स्वस्त निघाला म्हणून देवघरात राहिला.

साहेब आले. पुरणपोळीवर त्यांनी शाही पनीर घालून घेतलं आणि म्हणाले, फॅन्टास्टिक. मग मिलिंद म्हणाला, "सर, हमारे घर की एक स्टोरी है, पानीपत की. पापा सुनाते थे." आणि तो अडला. त्याला ती सांगता येत नव्हती. ऐकण्यात कधी लक्षच दिलं नव्हतं.

रितूने वाढायचा चमचा खाली ठेवला. "मम्मीजी, आप सुनाओ ना."

आत्याने आयुष्यात ती कधी सांगितली नव्हती. ते आतोबांचं काम. ती पदर सावरून उभी राहिली आणि तिच्या त्या मोडक्या हिंदीत सुरू झाली. घोडा आला, पागोटं आलं, अफगाण आला. तलवार पडली तेव्हा साहेबांच्या बाईंनी घास हातातच धरला. "बच गया वो. घर आया. लेकिन सर, किसीको कुछ पता नहीं था. टाक पे मैल था. फिर उसकी बीवी ने इमली से माँजा, तब घाव दिखा." एवढं बोलून ती थांबली, आणि आतोबा जिथे बसले असते तिथे, म्हणजे माझ्या डोक्यावरून मागच्या कोऱ्या भिंतीकडे बघून, नव्या नवरीसारखी लाजली.

टाळ्या झाल्या. साहेब म्हणाले, "व्हॉट अ हेरिटेज." ज्याला खरं माहीत होतं असा ऐकणाऱ्यांत मी एकटा, आणि सगळ्यांत जोरात टाळ्या मीच वाजवल्या.

संध्याकाळी निघताना आत्याने डब्यात पोळ्या बांधून दिल्या. तिने उपास सोडला होता. मी वाकून नमस्कार केला आणि जिना उतरता उतरता परत फिरलो.

"आत्या, मी हे लिहू का? दिवाळी अंकाला काहीतरी मागत होते."

"सगळं? मोरी, चिंच, तुझा खिसा?"

"सगळं."

तिने आत बघितलं. मिलिंद फोनवर इंग्रजीत कुणाला तरी दिशा समजावत होता, रितू उरलेलं पनीर डब्यात भरत होती, आणि मिलिंदची शाळकरी मुलगी टीव्हीसमोर मान वर न करता हिंदीत ओरडत होती की आवाज कमी करा.

"खुशाल लिही," आत्या म्हणाली. "पण मराठीतच लिही हो. म्हणजे या घरात कुणी वाचायचं नाही."